नामार्थाचा शोध : शार्लट मेरी यंग (१८२३–१९०१)

मुलाला नाव ठेवणे हा विधी जवळजवळ प्रत्येक समाजात आढळतो. परंतु ठेवलेल्या नावाचा अर्थ काय, ते कोठून आले आणि सांगितला जाणारा अर्थ कितपत खरा, ह्या प्रश्नांची शास्त्रशुद्ध छाननी करण्याचे प्रयत्न मात्र विरळ आहेत. इंग्रजी भाषेत व्यक्तिनामांचा पहिला विस्तृत इतिहास लिहिला तो कोणा विद्यापीठीय भाषापंडिताने नव्हे, तर हॅम्पशरमधील एका खेड्यात आयुष्य घालविलेल्या कादंबरीकर्त्रीने. शार्लट मेरी यंग ह्यांचे नाव आज मुख्यतः व्हिक्टोरियन काळातील धार्मिक-कौटुंबिक कादंबरीच्या संदर्भात घेतले जाते. त्यांचा १८६३ साली प्रसिद्ध झालेला ख्रिस्ती नावांचा द्विखंडात्मक इतिहास त्या मानाने उपेक्षित राहिला. ह्या ग्रंथाच्या अंगाने त्यांच्या चरित्राकडे पाहिले असता नामव्युत्पत्तीच्या अभ्यासातील मूलभूत अडचणी एका व्यक्तीच्या जीवनकार्यात एकवटलेल्या दिसतात. आणि त्या अडचणी भारतीय अभ्यासकाला अपरिचित नाहीत.

शार्लट यंग ह्यांचा जन्म ११ ऑगस्ट १८२३ रोजी विंचेस्टरजवळील ऑटरबोर्न ह्या गावी झाला. त्यांचे वडील विल्यम क्रॉली यंग हे वॉटर्लूच्या लढाईत भाग घेतलेले सैनिकी अधिकारी. विवाहासाठी त्यांनी सैन्य सोडले आणि ते ऑटरबोर्नला स्थायिक झाले. मुलीच्या शिक्षणाची सूत्रे त्यांनी स्वतःकडे घेतली. त्या काळी मुलींना दुर्लभ असलेले ग्रीक, लॅटिन व गणित ह्यांचे शिक्षण शार्लटना घरीच आणि तेही कडक शिस्तीत मिळाले. धाकटा भाऊ ज्यूलियन जन्मेपर्यंत त्या एकुलत्या एक होत्या. ग्रंथ आणि नात्यागोत्यातील माणसे हेच त्यांचे जग होते. वयाच्या सातव्या वर्षापासून त्या गावच्या रविवारच्या शाळेत शिकवू लागल्या आणि हे काम त्यांनी वृद्धापकाळापर्यंत सोडले नाही.

१८३६ साली कवी व धर्मचिंतक जॉन कीबल हे शेजारच्या हर्स्ली येथे धर्मगुरू म्हणून आले. इंग्लंडच्या चर्चला त्याच्या प्राचीन परंपरेची जाणीव करून देणाऱ्या ऑक्सफर्ड आंदोलनाचे ते एक प्रवर्तक होते. शार्लटच्या धर्मदीक्षेची तयारी त्यांनीच करून घेतली, आणि पुढे अनेक वर्षे त्यांच्या हस्तलिखितांवर वडिलांच्या बरोबरीने कीबल ह्यांचीही नजर असे. नामांच्या इतिहासाकडे त्या का वळल्या ह्याचे उत्तर काही अंशी ह्या संस्कारात शोधता येते. बाप्तिस्म्याच्या वेळी दिले जाणारे नाव हे ह्या विचारसरणीत केवळ हाक मारण्याचे साधन नव्हते. ते प्राचीन संत, राजे आणि हुतात्मे ह्यांच्याशी जोडणारा दुवा होते. नावाचा माग काढणे म्हणजे त्या परंपरेचा माग काढणे असे त्यांना वाटणे स्वाभाविक होते.

लेखनातून मिळणाऱ्या द्रव्याचा स्वतःसाठी उपयोग करावयाचा नाही, अशी अट कुटुंबात प्रथमपासूनच घालण्यात आली होती. १८५३ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द एअर ऑफ रेडक्लिफ’ ह्या कादंबरीने शार्लट यंग ह्यांना अकल्पित कीर्ती मिळवून दिली आणि तिच्या उत्पन्नाचा भाग मेलनेशियातील मिशनच्या ‘सदर्न क्रॉस’ ह्या जहाजासाठी दिला गेला. तरुण विल्यम मॉरिस आणि त्याच्या मित्रमंडळींना ह्या कादंबरीने भारावून टाकले होते. अमेरिकेत लुइझा मे ऑलकट ह्यांनी १८६८ सालच्या आपल्या ‘लिटल विमेन’मधील ज्योला हीच कादंबरी वाचून रडताना दाखविले आहे. कादंबरीचा नायक सर गाय मॉर्व्हिल. आपल्या तापट स्वभावाशी झगडणारा हा तरुण आपल्यावर अन्याय करणाऱ्या आप्ताची आजारपणात शुश्रूषा करतो आणि त्याच तापाने मरण पावतो. नामांच्या अभ्यासकाला ह्या कथानकापेक्षाही नायकाचे नाव अधिक महत्त्वाचे वाटावे, असा पुढचा इतिहास आहे.

‘गाय’ हे मध्ययुगीन इंग्लंडमधील प्रतिष्ठित नाव होते. वॉरिकच्या गायच्या शौर्यकथा सर्वत्र गायिल्या जात. परंतु १६०५ साली पार्लमेंट उडवून देण्याचा जो कट उघडकीस आला, त्यात सुरुंगाच्या दारूपाशी पकडला गेलेला मनुष्य गाय फॉक्स हा होता. तेव्हापासून दर ५ नोव्हेंबरला त्याचा चिंध्यांचा पुतळा जाळण्याची प्रथा पडली, ‘गाय’ हा शब्द त्या पुतळ्याचा आणि पुढे हास्यास्पद वेषातील माणसाचा वाचक बनला, आणि मुलांना हे नाव देणे जवळजवळ बंद झाले. एकोणिसाव्या शतकात त्याचे जे पुनरुज्जीवन झाले, त्याचे श्रेय नामकोशकार दोन कादंबऱ्यांना देतात: स्कॉटची १८१५ सालची ‘गाय मॅनरिंग’ आणि शार्लट यंग ह्यांची ही कृती. म्हणजे नामांच्या इतिहासाची ही लेखिका स्वतःच नामांच्या इतिहासातील एक कारण ठरली. एखादे नाव का प्रचलित झाले ह्याचे उत्तर त्याच्या धातूत नव्हे, तर वाचकांच्या अश्रूंत असू शकते, ह्याचे याहून स्पष्ट उदाहरण सापडणे कठीण.

आता ह्याच नावाचा मूळ अर्थ काय? ते जर्मानिक ‘विडो’ ह्या नावाचे फ्रेंच रूप, आणि इटालियनमधील ‘ग्वीडो’ हे त्याचेच भावंड, येथपर्यंत शंका नाही. परंतु ‘विडो’तील मूळ शब्द ‘अरण्य’ ह्या अर्थाचा की ‘विस्तीर्ण’ ह्या अर्थाचा, ह्याविषयी निर्णय होऊ शकत नाही. त्यात भर म्हणजे लॅटिन ‘व्हायटस’ ह्या संताच्या नावाशी त्याची मध्ययुगात सरमिसळ झाली. इंग्रजीत संत व्हायटसच्या नावाने ओळखला जाणारा विकार फ्रेंचमध्ये संत ‘गी’चे नृत्य म्हणून ओळखला जातो, तो ह्यामुळेच. ‘व्हायटस’चा संबंध लॅटिनमधील जीवनवाचक शब्दाशी लावला जात असल्याने ‘गाय’ म्हणजे ‘जीवन’ असा अर्थही नामपुस्तिकांत शिरू शकतो. एका अक्षरी नावाभोवती तीन अर्थ उभे राहतात, आणि त्यांपैकी एकही निखालस सिद्ध नसतो.

१८५४ साली वडिलांचा मृत्यू झाला. १८६२ साली शार्लट यंग आईसह त्याच गावातील ‘एल्डरफील्ड’ ह्या लहान घरात राहावयास गेल्या. पुढल्याच वर्षी नामेतिहास प्रसिद्ध झाला. त्याचे टिपण त्या कित्येक वर्षे करीत आल्या होत्या. फ्रान्स व आयर्लंड येथील अल्प प्रवास वगळता ज्यांनी आपला जिल्हा फारसा ओलांडला नाही, त्या लेखिकेने हिब्रू, पर्शियन, ग्रीक, लॅटिन, केल्टिक, ट्यूटॉनिक आणि स्लाव्ह अशा भाषाकुलांनुसार युरोपातील नावांची मांडणी करावी, ही गोष्ट त्या काळातही नवलाची होती. इंग्रजीत ह्यापूर्वी विल्यम कॅम्डेनने १६०५ सालच्या आपल्या संकीर्ण ग्रंथात नावांची अर्थासह यादी दिली होती; त्यानंतर जे झाले ते बहुतांशी तिचेच आवर्तन होते. जर्मनीत मात्र आउगुस्ट पॉट ह्यांचा व्यक्तिनामांवरील ग्रंथ १८५३ साली आणि एर्न्स्ट फ्यॉर्स्टेमान ह्यांच्या प्राचीन जर्मन नामकोशाचा व्यक्तिनामांचा खंड १८५६ साली निघाला होता. विल्यम जोन्सने १७८६ साली कलकत्त्यास संस्कृत, ग्रीक आणि लॅटिन ह्यांच्या आप्तसंबंधाची जी कल्पना मांडली, तिचे बॉप आणि ग्रिम ह्यांनी शास्त्र बनविले होते. शार्लट यंग ह्यांच्या ग्रंथाची भाषाकुलनिहाय रचना ही ह्या नव्या शास्त्राचीच देणगी होय.

ग्रंथाचे बळ त्याच्या विस्तारात आणि त्यातील कथनात आहे. एकेक नाव कोणत्या संतामुळे, कोणत्या राजकन्येच्या विवाहामुळे, कोणत्या काव्यामुळे एका देशातून दुसऱ्या देशात गेले, ते सांगताना त्यांच्यातील कादंबरीकर्त्री आणि इतिहासाची वाचक ह्या दोघी एकत्र काम करतात. नावांचे हे स्थलांतर किती अनपेक्षित असते ह्याचे एक उदाहरण पुरे. जेम्स मॅक्फर्सनने १७६० नंतरच्या दशकात प्राचीन गेलिक कवीच्या म्हणून प्रसिद्ध केलेल्या ओसियनच्या काव्यांचा नेपोलियन चाहता होता. त्याने १७९९ साली जन्मलेल्या आपल्या धर्मपुत्रासाठी त्यांतील ‘ऑस्कर’ हे नाव निवडले. हा मुलगा पुढे स्वीडनचा राजा झाला आणि एका वादग्रस्त काव्यातील आयरिश वीराचे नाव उत्तर युरोपचे घरगुती नाव बनले.

ग्रंथाचे दौर्बल्यही तितकेच स्पष्ट आहे. ते लेखिकेच्या अनवधानाचे नाही; ते बव्हंशी पद्धतीचे आहे. ग्रंथाच्या आरंभी नावांची सूची असून प्रत्येकापुढे मूळ भाषा आणि संक्षिप्त अर्थ दिलेला आहे. सामान्य वाचकाने उपयोग केला तो मुख्यतः ह्या सूचीचा. सूचीचे स्वरूपच असे असते की, तीत संशयाला जागा उरत नाही. केल्टिक नावांच्या बाबतीत ही अडचण विशेष जाणवते. त्या भाषांचे शास्त्रीय व्याकरण योहान कास्पार त्सॉइस ह्यांनी १८५३ साली पायाभूत स्वरूपात मांडले होते. परंतु त्याचे निष्कर्ष नामार्थाच्या क्षेत्रापर्यंत झिरपण्यास अवधी होता, आणि तोवर जुन्या हौशी व्युत्पत्तींवरच विसंबावे लागत होते.

ट्यूटॉनिक नावांची अडचण अधिक सूक्ष्म आहे. ही नावे सामान्यतः दोन पदांची बनलेली असतात, आणि दोन्ही पदांचे अर्थ ठाऊक झाले की समग्र नावाचा अर्थ लागला असे वाटते. परंतु सहाव्या शतकातील फ्रँक राणी फ्रेडेगुंड हिच्या नावातील पहिले पद ‘शांती’ आणि दुसरे पद ‘युद्ध’ ह्या अर्थाचे आहे. ह्यांचा समास कसा सोडवावयाचा? उत्तर वेगळ्याच दिशेने मिळते. अकराव्या शतकातील वुस्टरचा बिशप संत वुल्फस्टन ह्याच्या पित्याचे नाव एथेलस्टन आणि मातेचे नाव वुल्फगिफू होते. मातेच्या नावातील पहिले आणि पित्याच्या नावातील दुसरे पद घेऊन पुत्राचे नाव सिद्ध झाले. ‘वृक’ आणि ‘पाषाण’ ह्या अर्थांच्या पदांतून एखादी वीरकल्पना काढण्यापेक्षा, ह्या नावाचा आशय ‘वुल्फगिफू आणि एथेलस्टन ह्यांचा पुत्र’ एवढाच होता असे मानणे अधिक सयुक्तिक ठरते. पदांना अर्थ होता. नावाला तो असेलच असे नाही.

ह्याच्या उलट टोकाला, नसलेला अर्थ नावावर लादला जाण्याची प्रवृत्ती असते. ‘रोझमंड’ हे जर्मानिक नाव ‘अश्व’ आणि ‘रक्षण’ ह्या पदांचे; परंतु लॅटिन जाणणाऱ्या मध्ययुगाने त्यात निर्मल गुलाब पाहिला, आणि पुढे हे नाव दिले गेले ते त्या गुलाबासाठीच. ‘मेबल’ हे ‘अमाबेल’चे संक्षिप्त रूप असून त्याचे मूळ लॅटिनमधील ‘प्रेमपात्र’ ह्या विशेषणात आहे. फ्रेंचमधील ‘माझी सुंदरी’ ह्या शब्दांशी त्याचा लावला जाणारा संबंध निव्वळ ध्वनिसाम्याचा. यंग ह्यांच्या कादंबरीतील नायिकेचे नाव अमाबेल आणि घरगुती नाव एमी. ही दोन नावे प्रेमार्थक असली तरी ती दोन निरनिराळ्या शब्दांपासून आलेली आहेत. फार काय, बायबलमध्ये मोझेस ह्या नावाचे ‘पाण्यातून ओढून काढलेला’ असे जे स्पष्टीकरण आहे, तेही हिब्रू ध्वनिसाम्यावर आधारलेले असून, अनेक विद्वानांच्या मते मूळ शब्द पुत्रवाचक इजिप्शियन आहे. लोकव्युत्पत्ती ही केवळ अज्ञजनांची खोड नाही. धर्मग्रंथही तिचा आश्रय घेतात.

भारतीय अभ्यासकाला ही चर्चा परिचित वाटेल. सर्व नामे धातूंपासून निघतात की नाही, ह्यावर शाकटायन आणि गार्ग्य ह्यांच्या मतांतील विरोध यास्काने निरुक्तात नोंदविला आहे. स्वतः यास्क शाकटायनाच्या बाजूचा. अर्थाशी जुळणारी व्युत्पत्ती सहज सापडत नसेल तर एखाद्या अक्षराच्या साम्यावरूनही निर्वचन करावे, पण निर्वचन टाळू नये, अशी त्याची भूमिका. व्युत्पत्तिकाराच्या सर्व मोहांचे मूळ ह्या भूमिकेत आहे. पतंजलीने महाभाष्याच्या प्रारंभी याज्ञिकांचे जे नामकरणविषयक मत दिले आहे, त्यात मात्र भर अर्थावर नसून रूपावर आहे: नाव घोषवर्णाने सुरू व्हावे, मध्ये अंतस्थ असावा, दोन किंवा चार अक्षरांचे असावे, कृदन्त असावे, तद्धितान्त नसावे आणि त्यात तीन पिढ्यांच्या पूर्वजांचे अनुसंधान असावे. ह्या शेवटच्या अटीचे वुल्फस्टनच्या नावाशी असलेले साम्य लक्षणीय आहे. मनुस्मृतीने तर नावाचा अर्थ वर्णाशी बांधून, काहींना मांगल्य आणि काहींना तिरस्कार वाटून दिला. नामार्थ हा सामाजिक दृष्ट्या निरागस विषय नाही, हे त्यावरून ध्यानात यावे.

मराठीतील दोन उदाहरणे ह्या संदर्भात उद्बोधक ठरतील. शहाजी ह्या नावाचे मूळ पाहू गेल्यास कोश आपल्याला राजवाचक फारसी शब्दाकडे नेईल आणि ते चुकीचे नाही. परंतु परंपरा सांगते की, मालोजी भोसले ह्यांना अहमदनगरच्या शाह शरीफ ह्या पिराच्या नवसाने पुत्र झाले, आणि म्हणून त्यांची नावे शहाजी व शरीफजी अशी ठेवण्यात आली. येथे नाव राजपदाचे निदर्शक नाही, ते कृतज्ञतेचे आहे. दुसरे उदाहरण दगडू, धोंडू, केरू ह्यांसारख्या नावांचे. आधीची अपत्ये दगावल्यावर जन्मलेल्या मुलाला मृत्यूची दृष्ट लागू नये म्हणून मुद्दाम टाकाऊ वस्तूचे नाव देण्यात येई. ‘धोंडू म्हणजे दगड’ ही नोंद व्युत्पत्तिदृष्ट्या बिनचूक असूनही, त्या नावामागच्या आईबापांच्या भयाविषयी ती काहीच सांगत नाही.

तात्पर्य, नामाच्या सत्यतेची पारख करताना तीन प्रश्न वेगळे ठेवावे लागतात. शब्दाचे मूळ काय, हा पहिला, तो भाषाशास्त्राचा. नाव प्रचारात कोणामुळे आले, हा दुसरा, तो इतिहासाचा. विशिष्ट मुलाला ते का दिले गेले, हा तिसरा, तो चरित्राचा. फ्लॉरेन्स नाइटिंगेल १८२० साली फ्लॉरेन्स नगरीत जन्मल्या म्हणून त्यांना ते नाव मिळाले. क्रिमियन युद्धानंतर इंग्लंडमधील असंख्य मुलींना ते मिळाले, ते त्यांच्यामुळे. त्या शब्दाचे लॅटिन मूळ ‘बहरणारी’ असे आहे हे खरे, परंतु ह्या दोन्ही प्रसंगी निवड झाली ती त्यासाठी नव्हे. शार्लट यंग ह्यांच्या ग्रंथात पहिल्या प्रश्नाची उत्तरे अनेकदा डळमळीत आहेत. दुसऱ्या प्रश्नाला मात्र त्यांनी इंग्रजीत प्रथमच न्याय दिला.

आईच्या १८६८ सालच्या निधनानंतरही त्यांच्या लेखनाचा ओघ आटला नाही. मुलींसाठी काढलेल्या ‘द मंथली पॅकेट’ ह्या मासिकाचे संपादन त्यांनी १८५१ पासून सुमारे चार दशके केले आणि शंभराहून अधिक पुस्तके लिहिली. मेलनेशियाचे बिशप जॉन कोलरिज पॅटसन हे त्यांचे आप्त. १८७१ साली नुकापू बेटावर त्यांची हत्या झाल्यानंतर त्यांचे चरित्र यंग ह्यांनी १८७४ साली सिद्ध केले. ज्या महान ऑक्सफर्ड इंग्रजी कोशासाठी शेकडो स्वयंसेवक शब्दप्रयोग गोळा करीत होते, त्यांतही त्यांचा हातभार होता. त्या कोशाचा पहिला भाग १८८४ साली निघाला, आणि त्याच वर्षी यंग ह्यांनी आपल्या नामेतिहासाची सुधारलेली आवृत्ती प्रसिद्ध केली. एकवीस वर्षांनंतर जुन्या ग्रंथाकडे परत जाऊन तो दुरुस्त करण्याची ही वृत्ती हौशी संकलकाची नव्हे. २४ मार्च १९०१ रोजी ऑटरबोर्न येथेच त्यांचे निधन झाले आणि तेथील चर्चच्या आवारात त्यांना मूठमाती देण्यात आली.

ह्या विषयावरील त्यांच्या अधिकाराला खऱ्या अर्थाने पर्याय मिळाला तो १९४५ साली, ई. जी. विदिकोम ह्यांच्या इंग्रजी ख्रिस्ती नावांच्या ऑक्सफर्ड कोशाने. विदिकोम ह्यांनी नावाच्या अर्थापूर्वी त्याचा पुरावा मांडला: मध्ययुगीन दप्तरांत, करनोंदींत ते कोणत्या साली, कोणत्या रूपात आढळते. दिनांकित नोंदीशिवाय व्युत्पत्ती नाही, हा दंडक त्यामुळे रुजला. परंतु घरोघरी वापरल्या जाणाऱ्या नामपुस्तिकांनी कोशाची सावधगिरी उचलली नाही. त्या आजही एका नावापुढे एक गोड अर्थ छापतात, आणि ‘अर्थ अनिश्चित’ ही नोंद त्यांत क्वचितच आढळते. भारतीय भाषांतही स्थिती वेगळी नाही. कोणतेही श्रुतिमधुर अक्षरयुग्म संस्कृत ठरविले जाते आणि त्याला देवतेचे किंवा तेजाचे एखादे विशेषण चिकटविले जाते. कोशात, शिलालेखात, दप्तरात किंवा ग्रंथात ते सापडते काय, एवढा साधा प्रश्नही विचारला जात नाही.

आपल्याकडे ताम्रपट, शिलालेख, महानुभाव व संत वाङ्मय, बखरी आणि पेशवे दप्तर एवढी विपुल सामग्री असताना, मराठी व्यक्तिनामांची दिनांकित रूपे, त्यांचा प्रसार आणि ती देण्यामागील प्रथा ह्यांची एकत्र मांडणी करणारा ग्रंथ ही आजची गरज आहे. ते काम हाती घेणाऱ्याला विदिकोम ह्यांच्याकडून पुराव्याची शिस्त घ्यावी लागेल. नावाच्या मागे माणसे असतात, त्यांचे विवाह, नवस, शोक आणि आवडते ग्रंथ असतात, हे भान मात्र त्याला ऑटरबोर्नच्या ह्या कादंबरीकर्त्रीकडून घेता येईल.